वहिनी, ही काय गाडी आहे का लायसन्स लागायला?

पत्र: माझ्या धाकट्या दिरांनी नुकतीच एक जुनी जेट स्की, म्हणजे पाण्यावरची स्कूटर, विकत घेतली. तीन जणांची आहे. सुट्टीत आम्ही सगळे ज्या तलावावर जातो तिथे ती ट्रेलरवर घालून नेतात. माझा मुलगा १४ वर्षांचा आहे. काकांनी पहिल्याच दिवशी त्याच्या हातात हँडल दिलं आणि आता तो १२ वर्षांच्या चुलत बहिणीला मागे बसवून एकटाच फेऱ्या मारतो. मी विचारलं, "याला परवाना वगैरे काही लागत नाही का?" तर दीर हसले. म्हणाले, "वहिनी, ही काय गाडी आहे का लायसन्स लागायला? पाण्यावरचं खेळणं आहे." माझ्या नवऱ्याचं म्हणणं, लाइफ जॅकेट घातलंय ना, मग झालं. पुढच्या सुट्टीत आम्ही परदेशी जाणार आहोत आणि तिथे भाड्याने जेट स्की घ्यायचा बेत आत्तापासूनच शिजतोय. कायदा नक्की काय म्हणतो? आणि घरात भांडण न होता हे भाऊजींना कसं सांगू?
– एक वहिनी

ताई,

तुमच्या दिरांच्या बोलण्यात चतकोर सत्य आहे. ते आधी त्यांच्या पदरात टाकते, म्हणजे उरलेल्या पाऊण भागावर मोकळेपणाने बोलता येईल.

जेट स्कीला सरकारी लायसन्स लागत नाही असे देश आहेत. ब्रिटनमध्ये समुद्रावर जेट स्की चालवायला आजही देशपातळीवरचा परवाना लागत नाही. इतकंच नाही, दिरांचा 'खेळण्या'चा मुद्दा तिथल्या अपील न्यायालयात एकदा चक्क जिंकलाही होता. एका जेट स्कीने दुसऱ्या, उभ्या असलेल्या जेट स्कीला धडक दिली, त्यावरचा माणूस गंभीर जखमी झाला आणि चालवणाऱ्याला जहाजांच्या कायद्याखाली शिक्षा झाली. २००५ साली अपिलात न्यायालय म्हणालं की या कायद्यातलं 'जहाज' म्हणजे नौकानयनासाठी वापरलं जाणारं. जेट स्की कुठून कुठे जात नाही, मजेसाठी गोल गोल फिरते. शिक्षा रद्द झाली. ही पळवाट बुजवायला २०२३ साल उजाडलं. त्या वर्षी ३१ मार्चपासून तिथे जेट स्की आणि तशाच इतर वाहनांना मोठ्या बोटींचे नियम लागू झाले आणि बेदरकारपणे चालवून कुणाला धोक्यात घातलं तर दोन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. म्हणजे लायसन्स नाही, पण तुरुंग आहे. 'परवाना लागत नाही' आणि 'कायदा लागत नाही' या दोन वाक्यांमधला फरक दिरांना दाखवायचा असेल तर याहून नेमकं उदाहरण मला सुचत नाही.

बाकीच्या जगात हा प्रश्न इतका रेंगाळला नाही. समुद्रावर बोटींची टक्कर टाळण्यासाठी १९७२ साली आंतरराष्ट्रीय नियम ठरले आणि १९७७ पासून ते लागू आहेत. त्यात पाण्यावर वाहतुकीसाठी वापरली जाणारी किंवा वापरता येईल अशी कुठलीही वस्तू 'व्हेसल' म्हणजे नौका समजली जाते. आकाराची अट नाही. युरोपीय संघाने २०१३ च्या निर्देशात जेट स्कीची स्वतंत्र व्याख्याच केली आहे: लांबी ४ मीटरपेक्षा कमी, इंजिनावर चालणारा वॉटरजेट पंप, आणि चालवणारा बोटीच्या आत नाही तर तिच्यावर बसून, उभं राहून किंवा गुडघे टेकून चालवतो. नियम शोधायला बसाल तेव्हा एवढं लक्षात ठेवा की 'जेट स्की' हे एका कंपनीचं ब्रँडनाव आहे. कायद्याच्या कागदात ते बहुधा सापडणार नाही. तिथे 'पर्सनल वॉटरक्राफ्ट' किंवा पीडब्ल्यूसी असं शोधायचं.

आता तुमचा तलाव. पहिला प्रश्न हा की ते पाणी कुणाच्या ताब्यात आहे. रस्त्यासारखं हे एका खात्याचं काम नसतं. राष्ट्रीय कायदा असतो, त्याखाली राज्याचा किंवा प्रांताचा, त्याखाली बंदराचा, धरणाचा, उद्यानाचा किंवा नगरपालिकेचा. खालचा नियम वरच्यापेक्षा कडक असू शकतो आणि खूपदा असतोच. मोटारबोटींना मुभा आहे पण जेट स्कीला नाही, असं पाणी दुर्मीळ नाही. सिडनी बंदरात जेट स्कीला बंदी आहे. अमेरिकेच्या राष्ट्रीय उद्यानांच्या पाण्यात २००० सालापासून ती मुळातच मनाई आहे; एखाद्या उद्यानाने स्वतंत्र नियम करून परवानगी दिली असेल तरच चालते. वॉशिंग्टन राज्यातल्या सॅन हुआन बेटांच्या काउंटीने (म्हणजे तिथल्या जिल्ह्याने) १९९६ मध्ये बंदी घातली, जेट स्कीवाले कोर्टात गेले आणि १९९८ मध्ये राज्याच्या सर्वोच्च न्यायालयाने बंदी उचलून धरली. तेव्हा 'तिथे सगळेच चालवतात' यावर जाऊ नका. तलावाच्या उतारावर, जिथे ट्रेलर पाण्यात सोडतात तिथे, नियमांची पाटी बहुतेक असते. ती कुणी वाचत नाही ही गोष्ट वेगळी. पाटी नसेल तर ज्या कार्यालयाच्या अखत्यारीत तलाव येतो तिथे विचारायचं, आणि उत्तर तोंडी न घेता लेखी घ्यायचं.

यानंतर तुमचा खरा काळजीचा विषय, मुलाचं वय.

१४ वर्षांच्या मुलाने एकट्याने जेट स्की चालवावी का, याचं उत्तर तुम्ही कुठे उभ्या आहात यावर बदलतं. कॅनडात १६ वर्षांखालच्या मुलाने ती चालवायचीच नाही. मागे वडील बसलेले असोत की काका, सूट नाही. गंमत म्हणजे तिथे साधी मोटारबोट त्याहून लहान मुलालाही मोठ्यांच्या देखरेखीखाली चालवता येते, जेट स्की मात्र नाही. यावरूनच कळावं की कायदा करणाऱ्यांना हे 'खेळणं' बोटीपेक्षा कमी धोक्याचं वाटत नाही, जास्तच वाटतं. कॅलिफोर्नियात १२ ते १५ वयाच्या मुलाला परवानगी आहे, पण १८ वर्षांवरची व्यक्ती त्याच्यासोबत त्याच जेट स्कीवर असली पाहिजे. काठावर खुर्ची टाकून बसलेला काका चालत नाही. फ्लोरिडात १४ पूर्ण झाले की चालवता येते, पण भाड्याने घ्यायला १८ लागतात. ऑस्ट्रेलियाच्या न्यू साउथ वेल्समध्ये जेट स्कीचं लायसन्सच वेगळं आहे. नेहमीचं बोटीचं लायसन्स त्याला पुरत नाही, आणि १२ ते १५ वयाच्या मुलांसाठी अटी घातलेला वेगळा परवाना आहे. न्यूझीलंडमध्ये १० नॉटपेक्षा (तासाला साधारण साडेअठरा किलोमीटर) जास्त वेगाने जाऊ शकणारी बोट एकट्याने चालवायला १५ वर्षं पूर्ण लागतात.

म्हणजे तुमचा मुलगा आज जे करतो आहे, बरोबर कुणी मोठं माणूस नाही आणि मागे १२ वर्षांची बहीण, ते या पाच ठिकाणांपैकी चारात सरळ बेकायदा किंवा वेगळ्या परवान्याशिवाय बेकायदा आहे. उरलेल्या एकात, फ्लोरिडात, त्याला आधी बोट-सुरक्षेचा कोर्स करावा लागेल. १ जानेवारी १९८८ रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्या प्रत्येकाला तिथे १० अश्वशक्ती किंवा त्याहून मोठ्या इंजिनाची बोट चालवायला तो लागतोच. तुमच्या तलावाचा नियम यातल्या कुणाशी जुळतो ते चौकशीत कळेल. पण तो काहीही निघाला तरी आई म्हणून 'नाही' म्हणायला तुम्हाला कुठल्याही कलमाची गरज नाही.

मुलाचं वय हा मुलाचा गुन्हा ठरण्यापेक्षा मालकाचा गुन्हा ठरण्याची शक्यता जास्त, हे दिरांच्या लक्षात आलेलं दिसत नाही. फ्लोरिडाच्या कायद्यात हे अगदी स्पष्ट लिहिलं आहे: जेट स्कीच्या मालकाने किंवा ती ज्याच्या ताब्यात आहे त्याने १४ वर्षांखालच्या कुणाला ती जाणूनबुजून चालवू दिली तर तो मालकाचा गुन्हा. इतर अनेक ठिकाणी शब्द वेगळे असले तरी तत्त्व हेच. आणि फौजदारी बाजू सोडली तरी नुकसानभरपाईचा दावा उरतो. ज्याला चालवता येत नाही हे माहीत असूनही त्याच्या हातात यंत्र दिलं, म्हणून किल्ली देणारा जबाबदार, हे तत्त्व बऱ्याच देशांच्या न्यायालयांना मान्य आहे. मित्र 'जरा एक चक्कर' म्हणून मागतात तेव्हाही हेच लागू. मला वाटतं, दिरांना मुलाच्या काळजीपेक्षा हा मुद्दा लवकर समजेल. त्यात त्यांचं मन वाईट आहे असं मी म्हणत नाही; पुतण्यावर जीव आहे म्हणूनच तर हँडल दिलं.

याच्याशी जोडलेली गोष्ट विम्याची. काही देशांत त्रयस्थाच्या नुकसानीचा विमा सक्तीचा आहे, काही ठिकाणी बंदर किंवा धक्का वापरायचा असेल तर तो मागतात, आणि काही ठिकाणी कुणीच विचारत नाही. घराच्या विम्यात हे येतं असं अनेकांना वाटतं. घराच्या पॉलिसीत जेट स्की बहुधा वगळलेली असते, आणि स्वतंत्र पॉलिसी घेतली तरी चालवणाऱ्याच्या वयाची, प्रशिक्षणाची अट बारीक अक्षरात असते. ती वाचून घ्या.

तुमच्या नवऱ्याचं 'लाइफ जॅकेट घातलंय ना' हे म्हणणं मला जरा थांबून तपासायचं आहे, कारण जेट स्कीवर जीव वाचवणारी दुसरी एक वस्तू आहे आणि तुमच्या पत्रात तिचा उल्लेखच नाही. ती म्हणजे किल स्विचची दोरी. एक टोक इंजिनाच्या स्विचला, दुसरं चालवणाऱ्याच्या मनगटाला किंवा जॅकेटला. माणूस पडला की दोरी सुटते आणि इंजिन बंद पडतं. नाही तर रिकामी जेट स्की पुढे जाते, वळते, आणि पडलेल्याच्याच अंगावर येऊ शकते. अमेरिकेत १ एप्रिल २०२१ पासून २६ फुटांखालच्या आणि ३ अश्वशक्ती किंवा जास्त इंजिनाच्या वेगवान बोटींवर ही दोरी लावणं देशभर सक्तीचं झालं. जेट स्कीसाठी बहुतेक राज्यांनी ती सक्ती त्याच्या कितीतरी आधीपासून केली होती. जुनी मशीन घेतली आहे म्हणता, तर दोरी मूळची आहे की हरवल्यावर कुणी सुतळी बांधून काम भागवलं आहे, हे आधी बघा. दोरी ओढल्यावर इंजिन खरोखर बंद पडतं का हेही काठावरच तपासता येतं.

मुलांच्या हातात हे यंत्र देण्याबाबत कायदा इतका हात आखडता का घेतो, त्याचं कारण यंत्राच्या रचनेत आहे. बोटीला मागे सुकाणू असतं; इंजिन मंद केलं तरी सुकाणू थोडंफार वळवतं. जेट स्कीला सुकाणू नाही. पंप खालून पाणी ओढतो, मागच्या नळीतून जोरात फेकतो, आणि हँडल फिरवलं की ती नळी फिरते. वळण मिळतं ते फेकलेल्या पाण्याच्या जोराने. थ्रॉटल, म्हणजे वेग वाढवायचा खटका, सोडला की पाण्याचा जोर गेला, आणि जोर गेला की वळण गेलं. आता नवख्या माणसाचा स्वभाव आठवा: समोर काही आलं की तो घाबरून आधी थ्रॉटल सोडतो आणि मग हँडल जिवाच्या आकांताने फिरवतो. जेट स्की तशीच सरळ जाते, ज्याला चुकवायचं होतं त्याच्यावरच. नव्या मॉडेलमध्ये थ्रॉटल सुटला तरी थोडं वळण मिळेल अशी सोय असते, काहींना पाण्यावर थांबवणारा ब्रेकही असतो, पण जुन्या मशीनवर यावर विसंबू नये. मोठी जेट स्की तासाला १०० किलोमीटरच्या वर जाऊ शकते आणि तिचं वजन तीनशे-चारशे किलो असतं. कोर्समध्ये शिकवायची पहिली गोष्ट हीच, की चुकवायचं असेल तर थ्रॉटल सोडायचा नाही. चौदा वर्षांच्या मुलाला ते एकदा सांगून भागत नाही. हाताला सवय लागावी लागते.

लाइफ जॅकेट हवंच, पण कुठलंही नाही. बऱ्याच ठिकाणी जेट स्कीवर ते अंगात घातलेलं असणं सक्तीचं आहे, बोटीसारखं सीटखाली ठेवून चालत नाही. फुगवायची जॅकेटं फ्लोरिडासारख्या ठिकाणी जेट स्कीवर चालत नाहीत. वेगात पाण्यावर आपटल्यावर फुगवायची दोरी ओढायला शुद्ध राहीलच असं नाही. मुलांना मोठ्यांचं जॅकेट देऊ नका, पाण्यात ते डोक्यावरून निघून जातं. सोबत शिटी लागते, अमेरिकेसारख्या ठिकाणी अग्निशामक लागतो, आणि तो मुदतीतला लागतो. मागे बसणाऱ्यांबद्दल एक नाजूक पण महत्त्वाची गोष्ट: अचानक वेग घेतल्यावर मागे पडलं तर पंपाच्या झोताने शरीराच्या आतल्या भागांना गंभीर इजा होऊ शकते. मशीनवरच्या इशाऱ्याच्या स्टिकरवर वेटसूटची जाड रबरी चड्डी घालायला सांगितलेलं असतं ते त्यासाठी. साधा पोहण्याचा पोशाख पुरत नाही. तुमच्या पुतणीला हे आधी सांगा.

पाण्यावर कुणी कुणाला वाट द्यायची याचे नियम १९७२ च्या त्या आंतरराष्ट्रीय संकेतांतून आले आहेत आणि तलावांचे स्थानिक नियमही बहुतेक त्यांनाच धरून असतात. समोरून बोट आली तर दोघांनी आपापल्या उजवीकडे वळायचं. आडवी जाणारी बोट आपल्या उजव्या हाताला असेल तर आपण थांबायचं किंवा तिच्या मागून जायचं. मागून येऊन पुढे जाणाऱ्याने दूर राहायचं, जबाबदारी त्याची. शिडाच्या बोटीला आणि जाळी टाकलेल्या मासेमारी बोटीला इंजिनवाल्याने वाट द्यायची. रस्त्यावर डावीकडून चालायची सवय असलेल्याला पाण्यावरचं हे उजवीकडे वळणं उलटं वाटतं आणि ऐन वेळी हात चुकीच्या बाजूला जातो, म्हणून हा नियम मुलाकडून पाठ करून घ्या. यात नजर ठेवणं हाही स्वतंत्र नियम आहे. पाठीमागच्या बहिणीशी बोलत मान वळवून चालवणं म्हणजे तो मोडणं.

वेगाचे आकडे जागेगणिक वेगळे आहेत पण धोरण एकच: काठाजवळ, पोहणाऱ्याजवळ, दुसऱ्या बोटीजवळ हळू. न्यूझीलंडमध्ये काठापासून २०० मीटरच्या आत आणि पोहणारा किंवा दुसरी बोट ५० मीटरच्या आत असेल तर ५ नॉटच्या वर जायचं नाही. फ्रान्समध्ये किनाऱ्यापासून ३०० मीटरच्या पट्ट्यात ५ नॉट. ५ नॉट म्हणजे तासाला सव्वानऊ किलोमीटर, जेट स्कीच्या हिशेबाने जवळजवळ रांगणं. पोरांना हे पटत नाही, कारण सगळी मजा काठावरच्या लोकांना दाखवण्यात असते. मोठ्या बोटीच्या मागे उठणाऱ्या लाटेवरून उडी मारणं, गर्दीतून नागमोडी जाणं, कुणाच्या तरी जवळ नेऊन शेवटच्या क्षणी वळवणं, या तिन्ही गोष्टींना फ्लोरिडाच्या कायद्यात बेदरकारपणाची उदाहरणं म्हणून नावानिशी लिहिलं आहे. कायदा लिहिणाऱ्याने एक दुपार तलावाकाठी काढली असणार.

अंधारात चालवायची नाही. जेट स्कीला बहुधा नौकेचे दिवे नसतात आणि सूर्यास्तापासून सूर्योदयापर्यंत दिव्यांशिवाय नौका चालवता येत नाही. कॅलिफोर्नियात सूर्य मावळल्यावर थेट बंदी, फ्लोरिडात सूर्यास्तानंतर अर्धा तास सवलत. दारू पिऊन चालवणं हाही गुन्हा आहे. अमेरिकेत रक्तातली मर्यादा मोटारीसारखीच, ०.०८ टक्के. मागे ट्यूब किंवा स्की बांधून कुणाला ओढायचं असेल तर बऱ्याच ठिकाणी मागे बघणारा वेगळा माणूस लागतो आणि ओढलेल्यालाही बसायला जागा उरावी लागते. म्हणजे तीन जणांच्या मशीनवर चालवणारा, बघणारा आणि पाण्यातला, एवढेच.

जुनी मशीन घेतली आहे म्हणून कागदांबद्दलही लिहिते. बोटीच्या ढाच्यावर कायमचा कोरलेला एक क्रमांक असतो. अमेरिकेत तो १२ अक्षरांचा आणि अंकांचा. तो नोंदणीच्या कागदावरच्या क्रमांकाशी तंतोतंत जुळला पाहिजे. खरवडलेला असेल तर मशीन चोरीची असू शकते आणि कागद नावावर करायला गेलात की प्रश्न तुम्हालाच विचारले जातील. नोंदणी जिथे लागते तिथे ती विकणाऱ्याच्या नावावरून घेणाऱ्याच्या नावावर करण्याची मुदत असते. 'नंतर बघू' म्हणत ती टळून जाते आणि अपघात होईपर्यंत कुणाच्या लक्षात येत नाही. ट्रेलर हे रस्त्यावरचं वेगळं वाहन आहे, त्याचे कागद वेगळे. एका तलावातून काढून दुसऱ्यात सोडत असाल तर पंपात आणि आतल्या खोबणीत साचलेलं पाणी काढून, धुऊन, वाळवून मगच सोडा. त्या पाण्यातून परक्या शिंपल्या आणि वनस्पती पसरतात; अमेरिकेच्या अनेक राज्यांत हे न करता नेलेली बोट उतारावरच अडवतात.

अपघात झालाच तर थांबणं आणि मदत करणं हे कायद्याने बंधनकारक आहे. मृत्यू किंवा प्रथमोपचाराने न भागणारी इजा झाली तर अमेरिकेत ४८ तासांत लेखी कळवावं लागतं. 'आपसात मिटवलं' हे तिथे चालत नाही.

परदेशच्या बेताबद्दल. घरी चालवता येतं म्हणून तिथे चालवता येईल असं नाही. फ्रान्समध्ये ६ अश्वशक्तीच्या वर मोटार असलेली बोट चालवायला परवाना लागतो आणि जेट स्की त्यात येते. पण परवाना नसलेल्या पर्यटकाला प्रशिक्षकाच्या सोबतीने, ठरलेल्या मार्गावर चालवू देतात. भाड्याच्या दुकानात 'लायसन्स लागत नाही' अशी पाटी दिसते तेव्हा तिचा अर्थ बहुतेक हाच असतो. प्रशिक्षकाचा हात सोडून लांब गेलात की सूट संपली. युरोपात अनेक ठिकाणी आंतरराष्ट्रीय सक्षमता प्रमाणपत्र मानतात. संयुक्त राष्ट्रांच्या युरोपीय आर्थिक आयोगाच्या ठराव क्रमांक ४० प्रमाणे ते मिळतं आणि ब्रिटनमध्ये त्यात जेट स्कीसाठी वेगळा प्रकार आहे. मोटारीचं आंतरराष्ट्रीय लायसन्स पाण्यावर कुणी बघत नाही. दुकानात सही करायला दिलेला कागद वाचून सही करा: मशीनचं नुकसान कुणाचं, विमा कुणाचा, मुलाच्या वयाची अट काय. चालवायचं वय आणि भाड्याने घ्यायचं वय वेगळं असू शकतं, हे वर आलंच आहे. आणि मोठ्याने भाड्याने घेऊन लहानाला देणं हे अगदी तेच, ज्याला मालकाचा किंवा ताबेदाराचा गुन्हा म्हणतात.

राहिले भाऊजी. सगळ्यांसमोर विषय काढू नका, विशेषतः मुलासमोर नको. तिथे माघार घेणं त्यांना जड जाईल. एकटे असताना कायद्यावरून सुरुवात न करता एकच काम सांगा: "भाऊजी, विमा कंपनीला एक ईमेल टाकून विचारा ना, १४ वर्षांचा मुलगा एकटा चालवत असताना काही झालं तर दावा मिळेल का." उत्तर त्यांना तुमच्याकडून ऐकावं लागणार नाही, त्यामुळे मानही राखला जाईल. नवऱ्याला आधी बाजूला घेऊन हे सांगून ठेवा, म्हणजे 'जॅकेट आहे ना' हे पुन्हा मध्ये येणार नाही. त्याचवेळी सुचवा की काका-पुतण्यांनी कोर्स मिळून करावा. साधारण दिवसभराचा असतो, आणि मुलगा काकांपेक्षा चांगल्या गुणांनी पास होण्याची शक्यता बरीच आहे, हे त्याला गुपचूप सांगितलंत तर तो स्वतःच काकांच्या मागे लागेल.

तोवर मुलांचं पाण्यावर जाणं बंद करायची गरज नाही. तीन जणांची मशीन आहे: हँडलवर काका, मागे दोघं. दोघांचेही पाय खालच्या पायपट्टीवर नीट टेकले पाहिजेत, धाकटीला पुढे चालवणाऱ्याच्या कुशीत बसवायचं नाही, आणि तिघांचं मिळून वजन सीटजवळच्या स्टिकरवर लिहिलेल्या मर्यादेत बसतं का ते निघायच्या आधी बघायचं. जुन्या मशीनवर ते स्टिकर पुसट झालं असेल तर मॉडेलचं मॅन्युअल कंपनीच्या संकेतस्थळावर बहुधा मिळतं.